हाक मारली की ये

आमचं घर आणि बाचं सुतारकाम यांच्यात भिंत अशी नव्हतीच. पुढं पत्र्याची पडवी, तिच्यात बाभळीचे ओंडके, नांगर, तिफणी, मोडकी चाकं. मागं एक खोली, तिच्यात चूल, माय आणि आमची अंथरुणं. वाकसानं लाकूड तासायचा आवाज सुरू झाला की उजाडलं आणि तो थांबला की जेवायची वेळ झाली, एवढंच घड्याळ आम्हाला ठाऊक होतं. भाकरीत लाकडाचा भुसा निघाला नाही असा दिवस मला आठवत नाही. मी तोंड वाकडं केलं की माय म्हणायची, "सुताराच्या घरी जलमलास, लाकूड पचवाया शीक." माकणी हे आमचं गाव सोडून बा उमरग्याला आला तो हमरस्त्याच्या लोभानं. निजामाचं राज्य गेलं, आम्ही भारतात मिळालो, आणि सोलापूर-हैदराबाद रस्त्यावर ट्रक वाढले. ट्रकांमुळं बाजार वाढला, बाजारामुळं बैलगाड्या वाढल्या, आणि गाड्यांची चाकं मोडली की ती बाच्याकडं यायची.

माझं शरीर त्या चाकांवरच तयार झालं. गाडीचं चाक काढायचं तर आख, म्हणजे दोन चाकांमधला कणा, वर उचलून धरावा लागतो. बाकीचे सुतार त्याला लाकडी टेकू लावत. बाचा टेकू मी होतो. मिसरूड फुटायच्या आधीपासून मी आखाखाली खांदा देऊन उभा राहायचो आणि बा तंबाखू मळत, गिऱ्हाइकाला हवापाणी विचारत, अगदी सावकाश चाक बसवायचा. इतकं सावकाश का, हे मला फार उशिरा कळलं. गिऱ्हाइकानं माझ्याकडं बघावं म्हणून. "वस्ताद, लेकरू हाय का ठोकळा?" असं कुणी म्हणालं की बा मिशीतल्या मिशीत हसायचा, आणि जेवताना मायला सांगायचा, "नाम्याच्या ताटात हुलग्याचं माडगं वाढ अजून." शेजारच्या शांतव्वाच्या म्हशीचं दूध, भिजवलेले हरभरे, गूळ-शेंगदाणे आणि ज्वारीच्या भाकरींची चवड, असा माझा खुराक होता. शांतव्वा कानडी. ती मला बघितलं की म्हणायची, "ह्याला दूध नको, म्हसच द्या."

शाळेत ड्रिलला जोशी मास्तर होते, तुळजापूरचे. स्वतः इतके किडकिडीत की वारा सुटला की आम्ही पोरं त्यांच्याकडं काळजीनं बघायचो. एके दिवशी त्यांनी मला बोलावून एका जुन्या मासिकातलं चित्र दाखवलं. एक गोरा माणूस, अंगावर चड्डीशिवाय काही नाही, आणि सगळं अंग पिळलेलं. मी हादरलोच. माणसाच्या कातडीखाली एवढं सामान असतं हे मला कोणी सांगितलंच नव्हतं. मास्तर म्हणाले, "नामदेव, तुझ्याकडं ताकद आहे, पण ती दिसत नाही. दिसत नाही ती ताकद कोणाच्या उपयोगाची?" बैलगाडीवाल्यांच्या उपयोगाची, असं उत्तर माझ्या जिभेवर होतं, पण मास्तरांना उलट बोलायची पद्धत नव्हती. त्या दिवसापासून शाळेच्या सामानाच्या खोलीत, एका फुटक्या आरशासमोर, माझं नवीन शिक्षण सुरू झालं. पाठ पंख्यासारखी उघडायची, पोट आत ओढून त्याचे उभे पदर पाडायचे, दंडातली बेडकी गाण्याच्या ठेक्यावर नाचवायची. मास्तर ठेका धरायला डबा वाजवत.

मग खेळ सुरू झाले. आधी शाळेचं संमेलन, मग जत्रा. सोनारीला काळभैरवाच्या जत्रेत मी पहिल्यांदा तेल लावून लोकांपुढं उभा राहिलो. लोकांना वाटलं, आता कुस्ती होणार. दुसरा पैलवान कुठंय, असं विचारू लागले. दुसरा कोणी नाही, हा एकटाच उभा राहून अंग दाखवणार, हे कळल्यावर त्यांची तोंडं उघडीच राहिली. बायका पदर डोळ्यांवर ओढून पदराआडून बघत होत्या. एक म्हातारा पुढं येऊन माझ्या दंडाला बोटानं टोचून म्हणाला, "आत काय भरलंय रं?" पुढं लोहाऱ्याला, तुळजापूरला, कुठं कुठं गेलो. लोक आता नाव घेऊन बोलावू लागले. बा एकदाही आला नाही. रागावला नव्हता, पण "उभं ऱ्हायाचं काय बघायचं त्यात? म्या रोज बघतो," म्हणायचा. मला मात्र तोच यायला हवा होता. हजार माणसांनी टाळ्या वाजवल्या तरी गर्दीत मी मिशीतल्या मिशीत हसणारं ते एक तोंड शोधायचो. ते सापडायचं नाही.

आणि मग मी मिशी काढली.

सोलापूरला मोठा कार्यक्रम ठरला होता. मास्तरांनी पुन्हा ते चित्र काढलं आणि बोट ठेवून म्हणाले, "ह्याच्या अंगावर केस आहेत का? तेल लावल्यावर केसांत पीळ हरवतात. छाती, पाय, मिशी, सगळं काढून टाक." मला काहीच वावगं वाटलं नाही. गोरा माणूस माझ्या डोळ्यांसमोर होता, त्याच्या बापाचा प्रश्नच कधी मनात आला नव्हता. मी सरळ न्हाव्याकडं गेलो आणि सगळं काढ म्हणालो. न्हाव्याचा हात थांबला. त्यानं मान खाली घातली आणि हळू आवाजात विचारलं, "कवा?" मला वाटलं, कार्यक्रमाचं विचारतोय. मी म्हणालो, "परवा. सोलापूरला." तो "आरारा" म्हणाला. मग एवढ्या मायेनं त्यानं माझी मिशी उतरवली की मला त्या माणसाचं कौतुक वाटलं. "डोईचं?" त्यानं विचारलं. मी म्हणालो, "नको, मास्तर म्हनले डोकं ऱ्हाऊ दे." न्हाव्यानं सुस्कारा सोडला. नवा जमाना, असं त्याच्या मनात आलं असणार. पैसेही घेतले नाहीत.

आता माझा नातू छातीवरचे केस मशीननं काढतो, आरशापुढं वळून वळून बघतो, आणि घरात कोणी मान वर करत नाही. पण तेव्हा आमच्याकडं मिशी एकाच वेळी काढायचे, बाप गेल्यावर. मला हे माहीत नव्हतं असं नाही. माहीत असून त्या दिवशी ते आठवलं नाही, एवढंच.

मी घरी पोचायच्या आधी बातमी पोचली. न्हाव्यानं कोणाला तरी सांगितलं, सुतार परवा सोलापूरला वारला. ती बातमी शांतव्वापर्यंत आली, आणि ती ऊर बडवत, "अय्यय्यो" करत आमच्या पडवीत शिरली. पडवीत बा बसला होता. मांडीवर चाकाचा आरा, कानावर पेन्सिल, हातात चहाची कपबशी. शांतव्वानं त्याला बघितलं आणि अशी किंकाळी फोडली की बाच्या हातातली बशी पडून फुटली. पाठोपाठ आणखी चार बायका आल्या, दोन म्हातारे आले, कुणीतरी बांबूसुद्धा आणला होता. नेमका त्या गर्दीत मी उगवलो, तुळतुळीत.

बानं माझ्याकडं बघितलं. गर्दी बाजूला झाली. मला काय झालंय ते कळायला वेळ लागला, आणि कळल्यावर मला हसू आलं. खरं सांगतो, घाबरूनच आलं, पण आलं. बा उठला, जवळ आला आणि माझ्या वरच्या ओठावरून एक बोट फिरवलं.

"म्या मेलो, व्हय रं?"

"न्हाय बा, ते खेळासाठी, मास्तर म्हनले..."

"मेलो की. गावानं बघितलं." एवढं बोलून तो माघारी वळला. "अन् मेलेला मानूस बोलत नसतोय."

तो खरंच बोलायचा थांबला. मला वाटलं, दोन दिवस रुसेल. मिशी पुन्हा आली, चांगली झुपकेदार आली, तरी अबोला सुटला नाही. तिघं एका खोलीत जेवायला बसायचो आणि बा मायला म्हणायचा, "त्याला इचार, भाकर पायजे का." मी मायला म्हणायचो, "सांग, नको." माय दोघांच्या मधे बसून एकदा तव्याकडं, एकदा आमच्याकडं बघायची. शेवटी एकदा ती उखडली, "म्या काय पोस्टात नोकरीला हाय?" आम्ही दोघंही हसलो, पण एकमेकांकडं न बघता. हे सगळं मी सोसलं असतं. पण एका सकाळी मी पडवीत गेलो तर एक गाडी चाक काढून उभी होती आणि आखाखाली बाभळीचा नवा टेकू होता. बानं तो रातोरात तासला होता. मी त्या टेकूकडं बघत उभा राहिलो.

खेळ मात्र जोरात चालले होते. सोलापूरच्या लोकांनी मला डोक्यावर घेतलं. पण गावाकडच्या लोकांना नुसत्या पिळांचा कंटाळा येऊ लागला होता. मास्तरांच्या डोक्यात ट्रक आला. छातीवर आडवी जाड फळी ठेवायची, दोन्ही बाजूंना उतरती लाकडं लावायची आणि रिकाम्या ट्रकची एका बाजूची चाकं फळीवरून न्यायची. सांगायला भयंकर, पण ह्यात ताकदीपेक्षा श्वासाचं काम जास्त. छाती भरून घ्यायची, गळा बंद करायचा, आणि चाक उतरेपर्यंत सोडायचा नाही. भरलेली छाती वजन तोलते. रिकामी छाती तोलत नाही. स्टँडजवळच्या हॉटेलवाल्यानं एक ओळखीचा ड्रायव्हर दिला, आम्ही त्याच्याबरोबर सराव केला. मास्तरांची शिट्टी झाली की मी श्वास भरणार, दुसरी झाली की ट्रक येणार, असं ठरलं होतं.

खेळ आमच्या उमरग्यातच होता, बाजाराच्या दिवशी, भर दुपारी, हमरस्त्याच्या कडेला. मला एकच वाटत होतं, गावातल्या गावात आहे, आज तरी बा येईल. जाताना मायला म्हणालो, "सांग त्यानला, आज टरक अंगावर घेतोय." माय म्हणाली, "तूच सांग की मेल्या." बा पडवीतच होता. रंधा मारत होता. त्यानं सगळं ऐकलं आणि रंधा मारतच राहिला.

मी आडवा झालो, फळी ठेवली. मास्तर लोकांपुढं भाषण करत होते. झोपलेल्या माणसाला गर्दी कशी दिसते हे बहुतेकांना माहीत नसतं. नुसत्या वहाणा, धोतरं, आणि वर लांबवर तोंडं. त्या तोंडांत मला पांढरा पटका दिसला. बा होता. गर्दीतून पुढं, अगदी कडेला येऊन उभा. मला इतका आनंद झाला की पुढचं-मागचं काही राहिलं नाही. मी छातीतला होता तो सगळा वारा लावून ओरडलो, "बा! ए बा!" डोळ्यांत पाणी आलं आणि पटका दिसेनासा झाला.

आणि ट्रक आला.

शिट्टी झाली नव्हती. श्वास भरला नव्हता. होता तो हाकेत गेला होता. इंजिनाचा आवाज कानात शिरला, फळी दाबली आणि माझ्या आत काहीतरी मोडल्याचं मला ऐकू आलं. दुखायच्या आधी ऐकू आलं. मग आभाळ पांढरं झालं. ट्रक पलीकडं उतरला आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या. आजही झोपेतून दचकून उठतो तो ट्रकमुळं नाही, त्या टाळ्यांमुळं. मला श्वास घेता येत नव्हता, तोंडात रक्ताची चव आली होती, आणि चहूबाजूंनी लोक वाहवा करत होते. मास्तरांना सगळ्यात आधी कळलं. त्यांच्या हातातली शिट्टी खाली पडली.

त्याच फळीवर घालून मला दवाखान्यात नेलं. डाव्या बाजूच्या बरगड्या मोडल्या होत्या. डॉक्टरांनी छाती पट्ट्यांनी घट्ट आवळली आणि म्हणाले, हसू नका, खोकू नका, ओरडू नका. मग घरी खोलीत पडून राहिलो. पुढं ट्रक मी कधी घेतला नाही. पीळ दाखवायचे खेळ आणखी बरीच वर्षं केले, पण डावी बाजू लोकांकडं कमी वळवायची सवय लागली ती लागलीच. पण त्या दिवसांत मला भविष्याची काळजी नव्हती. घरात आवाज नव्हता, त्याची होती. वाकस बंद, रंधा बंद. गिऱ्हाइकं येऊन परत जात. बा उंबऱ्यावर माझ्याकडं पाठ करून, उघड्या डोक्यानं बसून राहायचा. मायच्या मार्फतसुद्धा बोलत नव्हता. गावात सगळे म्हणत होते, ड्रायव्हर प्यालेला होता, सापडला तर तंगड्या मोडू.

तो आपणहूनच आला. दुपारची वेळ होती. हातात केळी, आणि चेहरा असा की मायच्या तोंडात आलेल्या शिव्या तोंडातच राहिल्या. नाव बसण्णा, सीमेपलीकडचा. आमचा नेहमीचा ड्रायव्हर त्या दिवशी माल घेऊन गेला होता आणि हॉटेलवाल्यानं ऐन वेळी ह्याला बसवलं होतं. उंबऱ्यावरच्या बाला ओलांडून तो आत आला आणि माझ्या पायाशी बसला.

"मी पिलेला न्हाय," तो म्हणाला. "देवाशपथ न्हाय. तुमी बोलवलं, मी आलो."

"म्या कवा बोलवलं?" बोलताना मला कळ आली.

"हाटेलमालक सांगिटले, 'हाक मारली की ये.' शिट्टीचं कोनी सांगिटलंच न्हाय. तुमी ओरडलं, 'बा.' दोनदा ओरडलं. आमच्यात बा म्हंजे ये."

उमरग्यात राहून एवढं कानडी कोणाला येत नाही? शांतव्वा दिवसभर म्हशीला तेच म्हणायची. मी माझ्या बापाला हाक मारली होती आणि त्या हाकेला ट्रक आला होता.

बसण्णा बोलतच होता. त्याला सगळं सांगून मोकळं व्हायचं होतं. "मला बी शंका आलं. समोर एक म्हातारा हुबा होता, पटकावाला. तुमी त्येच्याकडं बघून ओरडलं. मी मनात म्हटलं, ह्यांच्या घरचा मानूस असंल, त्येला बोलावत्यात. म्हनून थांबलो. त्यो जरा जरी हलला असता, हात जरी केला असता, तर मी गाडी सोडलो नसतो. पन त्यो म्हातारा पाठ फिरवला अन् चालाय लागला. मंग मी म्हटलं, हाक त्येला न्हाय. मलाच हाय."

माय चुलीपुढं होती, तिचा हात परातीत तसाच राहिला. मी उंबऱ्याकडं बघायचं टाळत होतो. बा आला होता, त्यानं हाक ऐकली होती, आणि ऐकून वळला होता, हे मी त्या क्षणी पहिल्यांदा ऐकत होतो. मला ट्रक पुन्हा आला तर बरं, असं वाटलं.

"त्यो म्हातारा म्याच," बा म्हणाला.

बसण्णा ताडकन उठला. बाच्या उघड्या डोक्याकडं, मग माझ्याकडं बघू लागला. त्यानं हात जोडले, काहीतरी कानडीत पुटपुटला. बानं त्याच्या खांद्यावर हात ठेवला. "तुजी कायबी चूक न्हाय. तुला बोलवलं, तू आलास." मग त्याला रस्त्यापर्यंत पोचवून आला.

आत आला तो सरळ माझ्या उशाशी येऊन बसला. इतक्या दिवसांत तो इतक्या जवळ आला नव्हता. दाढी वाढली होती, डोळे लाल होते. मला वाटलं, आता हा रडणार, आणि मी ते बघू शकणार नाही.

"नाम्या," तो म्हणाला. "हाक मार."

"कुनाला?"

"मला. त्या दिशी मारलीस तशी मार."

डॉक्टरांनी ओरडायला मनाई केली होती. ओरडणं तर दूर, श्वास घेतला तरी बरगडीत सुरी फिरत होती. मी जमेल तेवढा वारा घेतला आणि हळूच म्हणालो, "बा."

"ओ," बा म्हणाला.

तो थांबला होता. "मार की अजून."

"बा."

"ओ."

"बा."

"ओ. हाय म्या. मार."

माय पिठाचे हात घेऊन चुलीपासून उठून आमच्यापाशी येऊन उभी राहिली. आम्हा दोघांना वेड लागलं की काय अशा नजरेनं ती बघत होती. मला कळ सोसवत नव्हती, डोळ्यांतून पाणी वाहत होतं, पण बा थांबू देत नव्हता आणि मलाही थांबायचं नव्हतं. मी हाक मारत होतो आणि तो प्रत्येक हाकेला ओ देत होता.